चार लाँची ओलांडून

धक्क्यावरून आमच्याकडे यायचं तर
आधी अब्दुल्लाच्या लाँचवर पाय ठेवायचा.
तिथे टायरांची चळत आहे, तिला धरून चालायचं.
मग इराणी लाँच. कुणी नमाजाला उभं असेल
तर थांबायचं, पुढून जायचं नाही.
तिसरीवर वॉशिंग मशिनांचे खोके, बोसासोला जाणारे,
त्यांच्यामधून आडवं होऊन निघायचं.
चौथीच्या कठड्यावर लुंगी वाळत असेल, निळ्या चौकड्यांची.
ती माझी.
वासुदेव तारी, राहणार तारामुंबरी,
सध्या मुक्काम दुबईची खाडी,
हुद्दा भंडारी, म्हणजे सात माणसांचा स्वयंपाकी.

एकोणपन्नास दिवस झाले, माल नाही.
नाखवा जुसब थैम रोज इस्त्रीचा शर्ट घालून एजंटकडे जातो,
संध्याकाळी तोच शर्ट खांद्यावर टाकून परत येतो.
आमच्याकडे कागद नाहीत, म्हणून आम्ही धक्क्यापलीकडे जात नाही.
शहर समोरच आहे, काचेचं.
रात्री ते उलटं होऊन आमच्या बुडाखाली येतं
आणि आम्ही त्याच्या विसाव्या मजल्यावर भांडी विसळतो.

शाळेत आखात मास्तरांच्या छडीखाली
अर्ध्या सेकंदात संपायचं.
इथे ते फळ्यांखाली आहे, गढूळ, हिरवं,
सहा तास आत, सहा तास बाहेर.
आमच्या देवगडच्या खाडीला वरून गोडं पाणी तरी मिळतं.
हिला कुणी येऊन मिळत नाही.
समुद्र आत येतो, रोहित पक्ष्यांपर्यंत जातो,
वळतो.

बायको फोनवर म्हणाली,
'सोला धाडलंय दिनूच्या हातान. पत्तो सांग.'
मी वर लिहिलाय तोच सांगितला,
लुंगीसकट.

त्याच रात्री दोन वाजता अब्दुल्ला निघाला.
सगळ्यात आतली लाँच निघायची म्हणजे
बाहेरच्या सगळ्यांनी उठायचं, दोर सोडायचे,
उघड्या अंगानं, पाच भाषांतल्या शिव्या देत.
अर्धा तास आम्ही कुणालाच बांधलेले नव्हतो.
उद्याच्या डाळीचं पातेलं पायांत धरून मी बसलो होतो,
आणि खरं सांगतो,
बरं वाटत होतं.

पुन्हा बांधलं तेव्हा क्रम मोडला होता.
आम्ही दुसरे. चौथे कुणी बलुची.

दिनू सुपरमार्केटची पाळी संपवून आला.
टायर नव्हते, खोके भलतीकडे होते,
तरी त्यानं इमानानं चार लाँची मोजल्या.
म्हणजे माझ्याच डोक्यावरून गेला तो,
मी खाली पंपाशी होतो.
चौथीवर लुंगी होती. दर्यावर कुठे नसते?

दिवेलागणीला दोन लाँची ओलांडून एक म्हातारा आला,
हातात झाकलेला वाडगा.
दाद महंमद, तिथला भंडारी.
हमूरचं कालवण, त्यात माझी आमसुलं,
मूठभर, खजुरासारखी अख्खी सोडलेली.
'तुर्श,' तो म्हणाला.
मला ऐकू आलं तुरट.
'तुरट नाही, आंबट.'
'तुर्श.'
शेवटी मी एक डोळा मिटून जीभ टाळ्याला लावली,
टक्क.
'हां! तुर्श!' आणि त्यानंही वाजवली.
आम्ही बराच वेळ वाजवत बसलो, दोन म्हातारी माणसं.

कालवण चुकलं होतं.
नारळ नाही, तिरफळ नाही, वर लवंग.
मी वाडगा पुसून खाल्ला.

उरलेली पिशवी त्यानं परत आणली होती.
निम्मी त्याला दिली. तो नको म्हणत होता, घेत होता.
तोंडाशी बायकोची गाठ नव्हती आता.
ती नेहमी दातानं सोडावी लागते.
ही खलाशाची होती, एक टोक ओढलं की सुटणारी.

'गावली?' तिनं विचारलं.
'गावली.'
'खराब नाय ना झाली?'
'नाय.'

रात्री पुन्हा दोर सोडायला उठवलं तर असावी म्हणून
पिशवी उशाशी घेतली.
गाठ तशीच राहू दिली.